पांढरं दिसलं की फवारायचं? थांबा, आधी बघा!

(आपल्या पॉडकास्टच्या बागकाम मालिकेतल्या भागाचं हे लिखित रूप. बोलणं जसंच्या तसं ठेवलं आहे, फक्त पुनरुक्ती थोडी कमी केली आहे.)



पाऊस जाऊन महिना होत आला, हवा कोरडी व्हायला लागली, आणि दरवर्षीप्रमाणे माझ्या फोनवर पांढरे फोटो यायला लागले. पांढरे फोटो म्हणजे काय? तर झाडाच्या फांदीवर, पानामागे, कळीवर काहीतरी कापसासारखं पांढरं, आणि खाली एक ओळ : "काका, हे काय आहे आणि कोणतं औषध मारू?" यातल्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर येईपर्यंत बहुतेक जण थांबत नाहीत. दुसऱ्याचं उत्तर दुकानदार देऊन मोकळा झालेला असतो.

या आठवड्यात चार फोटो आले. पहिला उल्हासनगरहून, कॅम्प नंबर चारमधल्या एका गच्चीवरच्या जास्वंदीचा. दुसरा अंबरनाथ पूर्वेच्या एका सोसायटीतल्या देशी बदामाचा. तिसरा आमच्या बदलापुरातला, परसातल्या जांभळाचा. आणि चौथा थेट अमेरिकेतून, न्यू जर्सीत राहणाऱ्या आपल्या एका श्रोत्या ताईंनी पाठवलेला. त्यांच्या घरामागे बीच नावाचं झाड आहे, त्याच्या फांद्यांना बर्फ चिकटल्यासारखं दिसतंय.

चौघांनीही एकच शब्द वापरलाय, "लोकरी मावा". आणि गंमत अशी की चारपैकी एकाच फोटोत खरा लोकरी मावा आहे. तो न्यू जर्सीच्या फोटोत. बाकीचे तीन वेगळेच प्राणी आहेत. आणि त्या तिघांतल्या एका फोटोत तर आपला मित्र बसलाय, ज्याला मारायचं औषध आणायला ते गृहस्थ निघाले होते.

अंबरनाथच्या बदामाचं प्रकरण जरा गंभीर आहे. तिथे पुढच्या रविवारी सोसायटीची सभा आहे आणि झाड तोडायचं का, हा विषय पटलावर आहे. सचिवांनी कळवलंय की हा भाग सभेत ऐकवणार. त्यामुळे आज थोडं सविस्तर बोलतो. त्या मंडळींनी थोडा धीर धरावा, तुमच्या झाडापर्यंत येतोच.

लोकरी मावा म्हणजे नक्की कोण?

मावा सगळ्यांना माहीत आहे. वालाच्या शेंगेवर, गुलाबाच्या कळीवर हिरवे-काळे मऊ किडे गर्दी करून बसतात, तो मावा. सोंड झाडात खुपसून रस ओढणं हे त्याचं काम. याच कुळातल्या काही जाती अंगातून मेण सोडतात. त्या मेणाचे बारीक तंतू होतात आणि किडा लोकरीत गुंडाळल्यासारखा दिसतो. म्हणून लोकरी मावा.

ही लोकर शोभेची नाही. तिच्यामुळे किडा उन्हात सुकत नाही, पावसाचं पाणी अंगावर टिकत नाही, आणि आपण मारलेलं औषधही ओघळून जातं. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे साबणाच्या वेळी कामाला येईल.

न्यू जर्सीच्या ताईंनी व्हिडिओही पाठवलाय. फांदीला धक्का लागला की ते शेकडो किडे एकदम मागची बाजू वर करून डोलायला लागतात. अमेरिकेत त्यांना गमतीनं "बूगी-वूगी" मावा म्हणतात. शत्रूला घाबरवायची ही त्यांची तऱ्हा. ताईंना भीती आहे की एवढं मोठं झाड मरेल. ताई, झाड मोठं आणि धडधाकट असेल तर या माव्यानं ते सहसा मरत नाही. ऑगस्टनंतर त्याची गर्दी दिसते आणि थंडी पडली की ओसरते. फांदीखाली जी काळी स्पंजासारखी बुरशी दिसते, ती माव्यानं टाकलेल्या गोड रसावर वाढते, झाडात शिरत नाही. लहान फांदीवर असेल तर पाण्याचा जोरदार फवारा पुरे. मोठ्या झाडाला हात लावू नका.

आणखी एक सांगतो. या लोकरी माव्यावर तिकडे एक फुलपाखरू जगतं, हार्वेस्टर नावाचं. त्याची अळी पानं खात नाही, मावा खाते. मांसाहारी अळी! आपल्याकडेही त्याचा एक नातलग आहे. त्याच्याबद्दल जरा वेळानं.

२००२ सालचा ऊस

आता आपल्या महाराष्ट्रातल्या लोकरी माव्याकडे येतो. कारण हा शब्द आपल्या तोंडी बसला तो उसामुळे.

मी नोकरीची बरीच वर्षं साखरपट्ट्यात काढली. जुलै २००२ मध्ये सांगली जिल्ह्यात उसावर पांढरं काहीतरी दिसायला लागलं. पान उलटं केलं की मधल्या शिरेच्या दोन्ही बाजूंनी कापूस पसरल्यासारखं. खालच्या पानांवर चिकट रस गळतोय, त्यावर काळी बुरशी, आणि सगळा फड काजळी फासल्यासारखा. शेतात शिरलं की शर्ट पांढरा आणि हात चिकट. हा किडा ईशान्य भारतात आधीपासून होता, पण आपल्या शेतकऱ्यानं तो कधी पाहिला नव्हता. त्याचं शास्त्रीय नाव सेराटोव्हॅक्युना लॅनिजेरा. पाठोपाठ तो उत्तर कर्नाटकात गेला आणि बघता बघता राज्यातल्या ऊस पट्ट्यात पसरला.

इतका वेगानं का पसरला? एक म्हणजे या माव्यात नराची गरजच पडत नाही. मादी थेट पिल्लं घालते, त्या पिल्लांच्या पोटात पुढची पिढी तयार होत असते. दुसरं म्हणजे पंख असलेले मावे वाऱ्यावर जातात. आणि तिसरं कारण आपण स्वतः. ऊसतोड झाली की वाढे जनावरांना घालायला गावोगाव नेले जातात. किडक्या फडातले वाढे बैलगाडीत आणि ट्रॅक्टरमध्ये भरून किडा दुसऱ्या गावात पोचवला गेला. पुढे त्यासाठी सांगावं लागलं की लागण झालेल्या शेतातलं बेणं आणि वाढे हलवू नका.

घबराट केवढी होती, ते आज सांगून पटणार नाही. उसाचं वजन घटणार, साखरेचा उतारा घटणार, म्हणजे वर्षभराचा हिशेबच कोलमडणार. मग जो तो फवारणीच्या मागे. आता फवारणी उसात करायची म्हणजे काय, हे ज्यानं केलंय त्यालाच ठाऊक. दहा-बारा फूट उंच ऊस, पानं एकमेकांत गुंतलेली, सरीत माणूस शिरत नाही. शिरला तर पानाच्या करवतीनं हात-तोंड ओरबाडून निघतं. औषध पडतं पानाच्या वर आणि किडा बसलाय पानाखाली, तोही मेणाच्या गादीत. आणि डोक्यावर उडवलेलं औषध परत फवारणाऱ्याच्याच अंगावर. आठ-दहा दिवसांनी बघावं तर पुन्हा पांढरं.

मग फरक कशानं पडला? त्याच फडांत लोकांना काही वेगळं दिसायला लागलं. माव्याच्या कापसात जाळं विणून बसलेली एक अळी. ती मावा खात होती. तिचं नाव डिफा ॲफिडिव्होरा, आपल्याकडे शेतकरी तिला कोनोबाथ्रा या नावानंही ओळखतात. दुसरा मायक्रोमस, तपकिरी जाळीदार पंखांचा छोटा कीटक, त्याची पिल्लंही माव्यावर तुटून पडतात. तिसरी सिरफिड माशी. बंगळुरूची जैविक कीड नियंत्रणाची संस्था, मांजरीची वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट, पाडेगावचं ऊस संशोधन केंद्र, साखर कारखाने, सगळे यात उतरले. शिफारस अशी झाली : हेक्टरी डिफाच्या १००० अळ्या किंवा मायक्रोमसच्या २५०० अळ्या सोडा, आणि त्यानंतर रासायनिक फवारणी करू नका.

सोडायची पद्धत अगदी साधी. ज्या फडात मित्रकीटक भरपूर आहेत तिथली अळ्यांसकट पानं तोडायची, तुकडे करायचे आणि नव्या फडात माव्याच्या पानाला टाचायचे. शाळेच्या पोरानं करावं इतकं सोपं. काही ठिकाणी शेडनेटमध्ये ऊस लावून, त्यावर मुद्दाम मावा वाढवून, त्यावर डिफा वाढवली गेली. ज्या किड्याच्या नावानं लोक रडत होते, तो मुद्दाम पाळायचा! शेतकऱ्यांना हे पटवताना आमची दमछाक झाली. पण ज्यानं एकदा स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं की पांढरं पान आठवड्या-पंधरवड्यात मोकळं होतंय, तो मग दुसऱ्याला सांगत सुटला. पुढच्या दोन-तीन वर्षांत ती साथ आटोक्यात आली. आज ऊस पट्ट्यात लोकरी मावा दिसतोच, पण त्याच्यासोबत त्याचे खाणारेही दिसतात. त्यामुळे कुणी पंप घेऊन धावत नाही.

मी यातून एकच गोष्ट घेतली. किडा दिसला की आधी त्याला खाणारा कुठे आहे ते शोधायचं. तो असेल तर आपलं काम त्याला आडवं न येणं. नसेल तर मग आपण.

आता तुमचे तीन फोटो

*उल्हासनगरची जास्वंद.* शेंडा आखडलेला, पानं चुरगळलेली, कळ्यांच्या देठाशी पिठासारखं पांढरं. हा लोकरी मावा नाही, हा पिठ्या ढेकूण. ओळखायची खूण : कापूस थोडा बाजूला केला की आत चपटा, लांबट-गोल, पीठ फासलेला किडा दिसतो. अंगावर आडव्या वळ्या असतात. तो पानापेक्षा बेचक्यात, देठाशी, कळीत जास्त बसतो. जास्वंद, सीताफळ, पेरू, पपई, भेंडी, ही त्याची आवडती घरं.

पण त्याच फोटोत डाव्या कोपऱ्यात एक मोठा पांढरा किडा आहे. इतरांच्या दुप्पट-तिप्पट मोठा, अंगावर मेणाची लांब लांब झालर. त्या गृहस्थांनी त्याच्याभोवती लाल गोल काढून लिहिलंय, "हा त्यांचा राजा आहे का?" नाही दादा, हा त्यांचा काळ आहे. हे क्रिप्टोलिमस नावाच्या ढालकिड्याचं पिल्लू. मूळ ऑस्ट्रेलियातला हा ढालकिडा, भारतात १८९८ साली मुद्दाम आणला गेला. मोठा झाला की काळसर अंग आणि नारिंगी डोकं. पण लहानपणी तो हुबेहूब पिठ्या ढेकणासारखाच दिसतो, जणू लांडगा मेंढीचं कातडं पांघरून कळपात बसलाय. फरक ओळखायचा सोपा उपाय : काडीनं हळूच डिवचा. पिठ्या ढेकूण जागचा हलत नाही किंवा अगदी सावकाश सरकतो. क्रिप्टोलिमस तुरुतुरु पळतो. पळाला तर जास्वंदीला औषध मारू नका.

आणि मघाशी म्हटलेलं फुलपाखरू. एपफ्लाय म्हणतात त्याला. छोटंसं, करडं-तपकिरी, सहज नजरेत न भरणारं. त्याची अळी पिठ्या ढेकूण खाते आणि त्यांचंच पीठ अंगावर घेऊन बसते. तिचा कोष जवळून पाहिलात तर माकडाच्या तोंडासारखा दिसतो, म्हणून ते नाव. न्यू जर्सीच्या हार्वेस्टरचाच हा नातलग. म्हणजे तिकडे बीचवर जे चालतं, तेच इकडे जास्वंदीवर चालू असतं. बघणारा हवा.

*बदलापूरचं जांभूळ.* हे ऐकून मला जरा जास्तच काळजी वाटली, कारण बदलापूरच्या जांभळाला आता भौगोलिक मानांकन आहे, आणि परसातलं एकेक जुनं झाड मोलाचं आहे. पण फोटो मोठा करून पाहिला आणि हायसं वाटलं. कोवळ्या डहाळीवर ओळीनं बसलेले, शेपटीला पांढऱ्या मेणाचे झुबके असलेले किडे. ताईंना फोनवर म्हटलं, बोट जवळ न्या. त्या म्हणाल्या, "अहो, उडी मारून पळाले!" झालं. मावा उडी मारत नाही, पिठ्या ढेकूणही मारत नाही. ही तुडतुड्यांच्या कुळातली पिल्लं. मोठी झाली की पाचरीसारखे पंख येतात. तीही रस शोषतात, पण मोठ्या जांभळाला त्यानं काही होत नाही. उपाय काय? काही नाही. खरंच काही नाही. फारच डोळ्यांत सलत असेल तर पाइपानं पाणी मारा.

*अंबरनाथचा देशी बदाम.* हे झाड मी परवा स्वतः जाऊन पाहिलं. झाडाखाली स्कूटर आणि गाड्या लागतात, त्यांच्यावर चिकट थेंब, त्यावर धूळ, त्यावर काळं. रहिवासी वैतागलेत आणि त्यांचं वैतागणं खोटं नाही. पान उलटं केलं तर खाली पांढऱ्या मेणाच्या रेघा, बोटाच्या ठशासारख्या गोल गोल फिरलेल्या. फांदी हलवली की बारीक पांढऱ्या माश्या भुरकन उडतात आणि परत बसतात. ही चक्री पांढरी माशी. मादी अंडी घालताना चक्राकार फिरते आणि मेण सोडत जाते, म्हणून ती नक्षी. पेरू, केळी, नारळ, देशी बदाम, ही हिची ठिकाणं. मूळ अमेरिका खंडातली ही माशी गेल्या शतकाच्या शेवटच्या दशकात केरळात पहिल्यांदा दिसली आणि मग देशभर आली.

आता सभेसाठी महत्त्वाची गोष्ट. मी भिंगातून दहा पानं पाहिली. या माशीचं पिल्लू पानाला चिकटून बसतं, मोठं होऊन उडून गेलं की मागे रिकामं कवच राहतं. माशी स्वतः बाहेर पडली असेल तर कवच इंग्रजी टी अक्षरासारखं फाटतं. पण कवचावर सुईनं पाडल्यासारखं गोल भोक असेल, तर आतून माशी नाही, एन्कार्सिया नावाची गांधीलमाशीच्या कुळातली एक सूक्ष्म माशी निघालेली असते. तिनं आत अंडं घातलं, तिच्या पिल्लानं आतला किडा खाल्ला आणि ती भोक पाडून बाहेर आली. टाचणीच्या डोक्याएवढीही नसते ती. तुमच्या बदामाच्या पानांवर मला गोल भोकं दिसली, आणि थोडीथोडकी नाहीत. म्हणजे काम सुरू झालेलं आहे.

झाड तोडण्याआधी

सभेत तीन पर्याय मांडलेत असं कळलं. झाड तोडणे, पेस्ट कंट्रोलवाल्याकडून उंच पंपानं फवारणी, किंवा काहीच न करणे. एकेक बघू.

तोडणे. नगरपालिका हद्दीत झाड तोडायला वृक्ष प्राधिकरणाची परवानगी लागते. महाराष्ट्राचा झाडांच्या संरक्षणाचा कायदा १९७५ पासून आहे आणि सोसायटीच्या कुंपणातलं झाडही त्यात येतं. "आमच्या जागेतलं झाड, आम्ही बघू" असं चालत नाही. पण कायदा बाजूला ठेवू. दुपारी तीन वाजता त्या पार्किंगमध्ये उभं राहून बघा आणि मग झाडाच्या पलीकडे दहा पावलं चालून बघा. एप्रिल-मे महिन्यात अंबरनाथचं ऊन काय असतं हे मी तुम्हाला सांगायला नको. ती सावली परत उभी करायला पंधरा वर्षं लागतील. आणि पांढरी माशी? ती शेजारच्या पेरूवर जाईल.

उंच पंपानं फवारणी. तीस फूट उंचीवर मारलेलं औषध पानाखाली किती पोचेल? उसाचं सांगितलं तेच इथे. उरलेलं कुठे पडेल? पहिल्या-दुसऱ्या मजल्याच्या खिडक्यांत, वाळत घातलेल्या कपड्यांवर, खेळणाऱ्या मुलांवर. तुमच्या पाण्याच्या टाकीचं झाकण झाडापासून चार हातांवर आहे, ते मी पाहिलं. शिवाय जी एन्कार्सिया फुकटात काम करतेय, ती सगळ्यात आधी मरेल. माशी मेणात असते, एन्कार्सिया उघड्यावर असते. दोन महिन्यांनी माश्या पुन्हा येतील आणि या वेळी त्यांना खाणारं कुणी नसेल.

काहीच न करणे हेही मी सांगणार नाही. गाड्यांचा त्रास खरा आहे. म्हणून चौथा पर्याय सांगतो.

मग करायचं काय?

हे सगळ्यांनीच ऐका, जास्वंदवाल्यांनी, पेरूवाल्यांनी, गच्चीवाल्यांनी.

पहिलं, मुंग्या. रस शोषणाऱ्या किड्याला झाडातून साखर भरपूर मिळते पण प्रथिनं कमी. प्रथिनांसाठी तो भरमसाट रस पितो आणि जास्तीची साखर मागून टाकून देतो. तोच तुमच्या गाडीवरचा चिकट थेंब. मुंग्यांना तो हवा असतो. त्या बदल्यात त्या किड्यांची राखण करतात, ढालकिड्यांना आणि छोट्या माश्यांना हाकलतात. म्हणून खोडावर मुंग्यांची रांग दिसली की तिथेच तोडायची. खोडाला चार बोटं रुंद प्लॅस्टिकची पट्टी घट्ट गुंडाळा आणि त्या पट्टीवर ग्रीस लावा. ग्रीस थेट सालीला लावू नका, साल खराब होते. भिंतीला किंवा केबलला टेकणारी फांदी असेल तर मुंग्या त्या पुलावरून येतात. तो पूल आधी काढा. कुंडी असेल तर पाण्याच्या ताटलीत विटेच्या तुकड्यावर ठेवा.

दुसरं, पाणी. सकाळी पानाच्या खालच्या बाजूनं पाण्याची जोरदार धार. आठवड्यातून दोनदा, तीन आठवडे. अर्धं काम यातच होतं. आपल्याकडे जूनच्या पहिल्या दोन-चार सरींत ही कीड एकदम कमी होते, ते याच कारणानं. पावसाळ्यानंतर ते काम पाइपाचं.

तिसरं, छाटणी. जास्वंदीचा आखडलेला शेंडा सरळ कापा. पण कापलेलं कंपाउंडबाहेर भिरकावू नका. उसाचे वाढे आठवा. साबणाच्या पाण्याच्या बादलीत दिवसभर बुडवा आणि मग कचऱ्यात. मात्र कापण्याआधी त्यात क्रिप्टोलिमस नाही ना ते बघा, असेल तर तो शेंडा ठेवा. बदामासाठी : गाड्यांवर येणाऱ्या खालच्या दोन फांद्या हलक्या करता येतील, पण त्यासाठीही नगरपालिकेला अर्ज करा आणि माणूस जाणकार घ्या. शेंडा मारून खुंट करून ठेवू नका. असं झाड भराभर कोवळी पालवी काढतं, आणि रसकिड्यांना कोवळंच हवं असतं.

चौथं, साबण आणि कडुनिंब. वरचं सगळं करून पंधरा दिवसांनी फरक नसेल तरच, आणि हात पोचेल अशाच झाडाला. एक लिटर पाण्यात पाच मिली निंबोळी तेल आणि ते मिसळण्यापुरता सौम्य द्रव साबण. साबण कशाला? मेणावर नुसतं पाणी टिकत नाही, साबणानं ते चिकटतं. आधी दोन-चार पानांवर मारून एक दिवस बघा. संध्याकाळी मारा, उन्हात पानं करपतात. पानाखाली मारा. आठ दिवसांनी पुन्हा.

पाचवं, खत आवरा. युरिया जास्त झाला की पालवी लुसलुशीत होते आणि किड्यांची चंगळ. कीड असताना नत्राचं खत बंद.

आणि गाड्यांचं? चिकट थेंब ताजे असताना कोमट पाणी आणि साबणानं निघतात, महिनाभर ठेवले तर रंगावर डाग बसतो. मे महिन्यापर्यंत त्या दोन जागा सायकलींना द्या आणि गाड्या पलीकडे. मी खोटं आश्वासन देणार नाही. झाड पुढच्या वर्षीही थोडं चिकट टाकेल. पण यंदाइतकं नाही. आणि दर पंधरा दिवसांनी कुणीतरी पाच पानं तोडून गोल भोकं मोजावीत. सोसायटीतल्या मुलांना हे काम द्या, त्यांना भिंग लागतं आणि मोजायचं कारण लागतं.

श्रोत्यांचे दोन प्रश्न

"काका, ऊस ठीक आहे, पण शहरात हे मित्रकीटक येणार कुठून?" ते येतात. त्यांना पंख आहेत आणि त्यांना वास येतो. एक उदाहरण देतो. पपईवरचा पिठ्या ढेकूण २००८ साली कोइमतूरला पहिल्यांदा दिसला, आणि दोन वर्षांत पपई, तुती, साबुदाण्याचा कसावा, सगळं पांढरं झालं. पुण्यातही आला. २०१० साली बंगळुरूच्या राष्ट्रीय संस्थेनं पोर्तो रिकोहून त्याच्यावर जगणाऱ्या तीन सूक्ष्म माश्या आणल्या, वाढवल्या आणि सोडल्या. त्यांतली ॲसिरोफेगस नावाची इतकी पसरली की ती ढेकणामागे आपली आपण गावोगाव गेली. तिला पत्ता कुणी दिला नाही. आपण फक्त वाटेत विष मारायचं नाही. आणि गच्चीवर कोथिंबीर, बडीशेप फुलोऱ्यावर जाऊ द्या. या छोट्या माश्यांना मध लागतो, तो अशा बारीक फुलांतच पोचता येतो.

"तुळशीवर आणि कढीपत्त्यावर दुकानदारानं दिलेलं औषध मारलं तर चालेल का?" जे पान तुम्ही तोंडात टाकता त्यावर, लेबलवर त्या पिकाचं नाव नसलेलं कुठलंही औषध मारू नका. झाडात भिनणारी औषधं तर अजिबात नाही, ती धुऊन जात नाहीत, पानाच्या आत असतात. तिथे पाणी, छाटणी आणि साबण, एवढंच. साबण मारला तरी पान धुऊनच खा.

तर मंडळी, या रविवारी सकाळी एक काम करा. दहा रुपयांचं का होईना, भिंग घ्या. नसेल तर फोनच्या कॅमेऱ्यात मोठं करून बघा. तुमच्या झाडावरचं पांढरं काडीनं डिवचा आणि तीन गोष्टी बघा : उडी मारतं का, पळतं का, की जागेवरच बसून राहतं? मग मला फोटो पाठवा, आणि खाली लिहा काय झालं ते. "कोणतं औषध मारू" याचं उत्तर मी त्यानंतर देईन.

अंबरनाथच्या मंडळींनी सभेत काय ठरलं ते मात्र नक्की कळवा. पुढच्या भागात कुंडीतल्या मातीबद्दल बोलू. तोपर्यंत नमस्कार.